माघारी सर आणि मी, मास्तरांची कात्री

मित्रांनो, मी एक जुनी कात्री आहे. शिंप्याची, कापडाची. कागद कापणाऱ्या कात्र्या माझ्या नात्यातल्या नाहीत, हे आधीच सांगून ठेवते. आणि हेही सांगते, की मी फार मत्सरी आहे. आत्मवृत्तात जो तो आपला मोठेपणा सांगतो. मी खरं काय ते सांगणार आहे.

एका लोहारानं माझी दोन पाती घडवली, मधे खिळा बसवला आणि मला मास्तरांच्या हातात दिलं. मास्तर म्हणजे आमच्या दुकानाचे शिंपी. कापडाला लावण्याआधी ते मला एकदा रिकामी चालवायचे आणि कान देऊन ऐकायचे. आवाज स्वच्छ आला तरच पुढचं काम. माझी कात्री बोलते, असं ते गिऱ्हाइकांना कौतुकानं सांगायचे. तीस वर्षं मी हे ऐकलं. डोक्यात हवा गेली, कबूल करते.

मग ती आली. माघारी सर.

पावसाची सर वरून खाली येते ना? ही रोज दुपारी खालून वर जाते. कोरड्या फरशीतून थेंब निघतात आणि आभाळाकडे चालू लागतात. तिच्यात जे भिजेल ते त्या दिवशी सकाळी जसं होतं तसं होतं. पाववाल्यानं करपलेले पाव बाहेर धरले, तर कणीक होऊन परत आले. फुटलेली बरणी अख्खी व्हायची. माणूस भिजला तर मात्र सकाळपासूनचं सगळं विसरायचा, म्हणून लोक उंबऱ्याच्या आत राहून काठीनं वस्तू पुढे सरकवायचे. गल्लीत जिकडेतिकडे तिचंच नाव. माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा. मी कापलं की कापलं, मला काही जोडता येत नाही. आणि ही बया नुसती वर जाते काय, सगळं सांधते काय, आणि लोक हिला डोक्यावर घेतात काय!

त्याच सुमारास मास्तरांची नजर अधू झाली. बँडवाल्या काकांचा मखमली कोट अर्धाच कापून झाला होता. दोन बाह्या राहिल्या होत्या. कापड काकांनी वर्षानुवर्षं जपलेलं, तसं दुसरं मिळणं अशक्य. मास्तरांनी ते मुलीकडे दिलं. ती शिवायची छान, पण कापडाला कात्री कधी लावली नव्हती. तिला कापणं जमलं तर दुकान राहणार, नाहीतर कुलूप. घरात हे सगळ्यांना ठाऊक होतं.

सोमवारी मास्तर दुपारी आडवे झाले असताना तिनं मला उचललं. कापड वाचावं म्हणून तिनं एक बाही सुलटी आखली आणि दुसरी उलटी. इतर कापडाला चालतं, पण मखमलीला लव असते. उलट्या लवेची बाही वेगळ्याच रंगाची दिसते. मी ओरडत होते, पण माझं कोण ऐकतं? कापून झाल्यावर तिनं बाह्या शेजारीशेजारी धरल्या आणि पांढरीफटक पडली. नेमकी तेव्हाच अंगणात सर निघाली. दुसऱ्या कुणी कापड काठीनं ढकललं असतं. पण मखमल जमिनीवर टाकायची नाही, काठीनं दाबायची नाही, हे या घरात पोरं चालायच्या आधी शिकतात. ती सगळे तुकडे दोन्ही हातांवर झेलून बाहेर धावली.

परत आली तेव्हा मखमल अख्खी होती आणि पोरीच्या डोक्यात सकाळ होती. आपण कापड उजेडात बघायला गेलो आणि भिजलो, कापायचं राहूनच गेलं, असं तिनं मास्तरांना अगदी खरेपणानं सांगितलं. मंगळवारी तेच झालं, बुधवारीही तेच. तीच चूक, तीच धाव. चुकीतून ती जे शिकायची ते सर रोज पुसून नेत होती, आणि मास्तरांना वाटत होतं पोरगी कापायला भिते. जगात एकट्या मला सगळं माहीत होतं. खरं सांगू, मला त्या सरीची चूक सापडल्याचा आनंदच झाला. पोरीचं वाईट मागाहून वाटलं.

गुरुवारी मास्तरांनी कापड परत द्यायचं ठरवलं. मला कायमचं खणात ठेवण्यापूर्वी तेल द्यायला घेतलं आणि सवयीनं रिकामी चालवलं. आवाज जाड आला. त्यांनी खिळ्यापाशी बोट फिरवलं. बोटाला मखमलीची लव लागली, बरीच.

"हिच्यात मखमल कुठून आली?"

"बाबा, मी तर अजून कापलंच नाही."

"कापलंयस पोरी. कितीदा, ते तुला आठवत नाही. हिला आठवतंय."

त्यांनी मुलीला समोर बसवलं आणि कापायला सांगितलं. तिनं पुन्हा एक बाही उलटी आखली. मास्तर गप्प राहिले. मला वाटतं, कळूनच गप्प राहिले. बाह्या वेगळ्या रंगाच्या झाल्या, सर निघाली, पोरगी तुकडे उचलून उठली. मास्तरांनी तिचं मनगट धरलं. मग मापाची काठी घेतली, तिच्यावर तुकडे हलकेच पांघरले आणि दारातून बाहेर धरले. मखमल सांधली गेली. पोरगी आत कोरडी उभी राहून रडत होती, पण तिला चूक आठवत होती. तिनं डोळे पुसले, मखमलीवरून तळवा फिरवला, लव कुठे जाते ते पाहिलं, खडूनं बाण काढला आणि दोन्ही बाह्या एका दिशेनं कापल्या.

कोट झाला. दुकान राहिलं. गल्ली मात्र म्हणाली, सरीनं वाचवलं. मी जळून खाक झाले.

मित्रांनो, तुमच्याही चुका पुसणारं कुणी भेटेल. त्याच्याकडे कापड द्या, स्वतः भिजू नका. आणि माझ्यासारख्यांना तेल देत जा, कागद कापायला लावू नका.

त्या चार दिवसांत माझी धार पार गेली होती. पोरीला माझी दया आली. पुढच्या वेळी सकाळी धार लावून आणते, म्हणाली, मग रोज दुपारी सरीत धरलं की ही कायम नवी राहील. नवी! मी तर हरखलेच होते.

मास्तरांनी मला तिच्या हातातून काढून घेतलं आणि फडक्यात गुंडाळलं. "धारवाल्याकडेच देत जा," ते म्हणाले. "घरात एकाला तरी आठवायला हवं. हिला कधी भिजवू नकोस."