सुईणीचे हात

नांदेडला वरच्या मजल्यावर राहायला आलेल्या तुळजाबाईंना गीतांजलीनं पहिल्याच दिवशी ओळखलं होतं. मालिकेत सुनेच्या दुधात विष कालवणारी ती सासू! आता सोमवारपासून कॉलेजात रुजू व्हायचं, तर ‘मी सांभाळते’ म्हणाली म्हणून चार महिन्यांची पोर हिच्याकडे ठेवायची?

“दे की लेकराला,” म्हणत बाई बांगड्या, अंगठी, पदराची पिनसुद्धा काढू लागल्या. गीतांजलीनं पोर छातीशी घट्ट धरली.

“हे कशाला, मावशी?”

“सासूची कामं मिळायच्या आधी लई वर्सं सुईणच केली मी. सीनमधलं लेकरू खरं असतंय बाई. बांगडी लागली तर त्याची माय सेटवरच झोडपायची मला.”

गीतांजलीला हसू आलं. तिनं पोर दिली, पण खालचा हात काढला नाही.

“असू दे,” बाई म्हणाल्या. “समद्याच आया तसं करायच्या.”