बोला आता

बाईंची पुस्तकं खपेनात, तेव्हा त्या कथालेखन शिकवू लागल्या. वर्गात नियम एकच होता: ज्याच्या कथेवर चर्चा चालू आहे, त्याने तोंडातून ब्रसुद्धा काढायचा नाही. शेवटी बाई "बोला आता" म्हणाल्या, की मगच त्याने तोंड उघडायचं. या नियमाने त्यांनी भल्याभल्यांची बोलती बंद केली होती.

एकदा मुलांनी हट्टच धरला, म्हणून बाईंनी स्वतःची कथा वाचली. ती त्यांच्याच घरातली होती: नवरा, सासू आणि लिहिणारी सून.

"सून खरी वाटत नाही," मुलं म्हणाली. बाई मुकाट्याने ऐकत राहिल्या. तास संपला आणि मुलं पांगली. "बोला आता" म्हणणं बाईंचं काम, आणि बाईंनाच तर बोलायची बंदी!

घरी आल्या, तर नवरा आणि सासूबाई जेवायला बसले होते. ताटं दोनच होती. बाई समोर उभ्या राहिल्या, तरी कुणी मान वर केली नाही.

"सून मला पहिल्यापासूनच पटली नाही," सासूबाई म्हणाल्या.

"काढून टाकू," भात कालवत नवरा म्हणाला. "तिच्यावाचून काही अडत नाही."

बाईंनी तोंड उघडलं, पण आवाज फुटेना. "बोला आता" असं अजून कुणीच म्हटलं नव्हतं.