आक्षेपसरांचं उत्तर

आमच्या तत्त्वज्ञान विभागात कुणालाही मूर्ख ठरवायची मोकळीक होती, पण त्याआधी एक नियम पाळावा लागे. समोरच्याचं म्हणणं आधी आपण मांडायचं, त्याच्याहून नीट मांडायचं, आणि तो ‘हो, हेच म्हणायचंय मला’ असं म्हणेपर्यंत मांडत राहायचं. मग आक्षेप घ्यायचा. त्यावर त्याने उत्तर द्यायचं, आणि ते झाल्याशिवाय बाकीच्यांनी तोंड उघडायचं नाही. नियम आमच्या सरांचा. मध्ययुगातल्या युरोपातले मठ आणि विद्यापीठं, जिथे पंडित लोक दिवसदिवस असे वाद घालत, तिथून त्यांनी तो उचलला होता. विद्यार्थी त्यांना ‘आक्षेपसर’ म्हणत. सरांना ते माहीत होतं आणि मनातून आवडतही होतं.

मी त्यांची विद्यार्थिनी. पुढे त्याच विभागात लागले आणि हळूहळू विभागप्रमुख झाले. सर मध्ययुगीन तत्त्वज्ञान शिकवत, मी त्याच्या पुढचं, प्रबोधनकाळाचं. म्हणजे त्यांनी एका सत्रात जे बांधायचं ते मी पुढच्या सत्रात पाडायचं. निवृत्त होऊन नऊ वर्षं झाली तरी तो एक पेपर शिकवायला ते विनावेतन येत. काकू गेल्यापासून घराबाहेर पडायला त्यांना तेवढंच एक निमित्त उरलं होतं. हे मला ठाऊक होतं. आधीच सांगून टाकते, नंतर कुणी म्हणायला नको की बाईंना कल्पना नव्हती.

सत्र संपत आलं तेव्हा प्राचार्यांनी मला बोलावलं. सरांच्या पेपरला चार विद्यार्थी होते. तो काढून त्या जागी ‘संवादकौशल्य’ आणायचं होतं.

“वेळापत्रक छापायला गेलंय,” प्राचार्य म्हणाले. “पण अभ्यासमंडळाची बैठक घ्यावी लागते ना. तुम्हीच मांडा, मॅडम. तुमचं ते ऐकतील.”

आधी कळस, मग पाया. हे मी तिथेच म्हणायला हवं होतं. मी म्हणाले, “बघते.” खरं सांगायचं तर मला फार वाईटही वाटलं नाही. तो पेपर जुना झालाय असं मलाही वाटत होतं, आणि सरांशी भर सभेत वाद घालायचा या कल्पनेने अंगावर मूठभर मांस चढलं होतं. दोन दिवस मी परीक्षेला बसायचं असल्यासारखा अभ्यास केला.

बैठक मंगळवारी दुपारी; नोटिशीत प्रस्ताव माझ्या नावावर. लांबट टेबल, सात माणसं, न लागणारी एक खिडकी आणि मिनिटामिनिटाला डोळे मिचकावणारी ट्यूबलाइट. सर इस्त्रीचा शर्ट घालून आले होते. समोर त्यांच्या बारीक अक्षरातले चार कागद होते.

मी उभी राहिले आणि नियमाप्रमाणे आधी त्यांची बाजू मांडली.

“सरांचं म्हणणं असं,” मी म्हणाले. “हे टेबल आहे, पण ते नसतंही तरी चाललं असतं. आपणही तसेच. आपलं असणं आपल्या हातचं नाही, ते दुसऱ्या कशावर तरी टांगलेलं आहे. कंदील आकड्याला, आकडा दोरीला. दोरी कितीही लांब करा, वर कुठेतरी खुंटी असल्याशिवाय कंदील लटकणार नाही. आणि ही खुंटी, जी दुसऱ्या कशावर टांगलेली नाही, माणसाच्या बुद्धीला समजू शकते. कारण जग आणि बुद्धी एकाच घडणीची आहेत. बुद्धी ही जगाची न्यायाधीश नाही, विद्यार्थी आहे. जे आहे त्याच्यापुढे तिने बसायचं आणि शिकायचं. विद्यार्थी असणं हा तिचा कमीपणा नाही. तो तिचा मोठेपणा आहे.”

सरांनी डोळे मिटून घेतले होते.

“हो,” ते म्हणाले. “हेच म्हणायचंय मला.”

आवाज जरा जड होता. मला वाटलं, वय झालं.

मग मी आक्षेप घेतला. म्हटलं, टांगलेल्या वस्तूंना खुंटी लागते हे आपल्याला कुठून कळलं? खोलीतल्या वस्तू बघून. पण अख्खं जग ही काही खोलीतली वस्तू नाही. कार्यकारणाचा नियम अनुभवाच्या आत कामाचा आहे. तोच अनुभवाबाहेर न्यायचा तर त्याची हमी कोण देणार? जग मोजायला निघण्याआधी हातातली फूटपट्टी तपासा, हे प्रबोधनकाळाने सांगितलं. बुद्धीने आधी स्वतःलाच पिंजऱ्यात उभं केलं आणि विचारलं, बाई, तुझी धाव कुठवर?

इथे थांबले असते तर बरं होतं. पण लोक ऐकत होते.

“आणि मुख्य म्हणजे,” मी म्हणाले, “या पंडितांचा निकाल आधीच ठरलेला असायचा. धर्मग्रंथात काय ते लिहिलेलं होतं. बुद्धीला नुसतं सह्या गोळा करायला पाठवायचे. त्याला विचार म्हणत नाहीत. असा पेपर आज कशासाठी शिकवायचा?”

मी बसले. सरांनी चष्मा लावला, कागद पुढे ओढले आणि घसा खाकरला.

प्राचार्यांनी घड्याळ बघितलं. “मॅडमनी दोन्ही बाजू इतक्या सुरेख मांडल्या की आता काही उरलंच नाही,” ते म्हणाले. “सरांनीही मान्य केलं की त्यांची बाजू हीच. मग घेऊ या का हात वर?”

सरांनी प्राचार्यांकडे पाहिलंच नाही. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. उत्तर राहिलंय हे त्या खोलीत दोघांनाच कळत होतं, आणि बोलायचा अधिकार विभागप्रमुखाला होता. ‘थांबा, सरांचं उत्तर व्हायचंय’ एवढंच म्हणायचं होतं. मी मूग गिळून बसले. भिडेपोटी नाही, भीतीपोटी. ते काय उत्तर देतील हे मला माहीत नव्हतं, आणि मी जिंकत आले होते.

सहा हात वर गेले. त्यात माझाही होता. सरांनी कागद गोळा केले, कडा जुळवल्या आणि सगळ्यांना नमस्कार करून ते निघून गेले.

जिन्यात भाषेचे शिक्षक म्हणाले, “काय मॅडम, गुरूची विद्या गुरूला?” मी हसले. त्या हसण्याची मला आजही शरम वाटते.

तीन दिवस मी सरांना तोंड दाखवलं नाही. चौथ्या दिवशी शिपाई म्हणाला, सर खोली रिकामी करतायत. मी गेले. जमिनीवर खोकी होती, अर्धी भरलेली. सर स्टुलावर बसून पुस्तकांवरची धूळ पुसत होते.

“सर, तुमचं उत्तर राहिलं,” मी म्हणाले.

“राहिलं खरं.”

“आता सांगता?”

“आता कुणाला उपयोग त्याचा?” असं म्हणाले, पण समोरची खुर्ची मोकळी करून दिली. “बस. तू म्हणालीस त्यांचा निकाल आधी ठरलेला असायचा. खरं आहे. माझ्या कागदावर पहिलं वाक्य तेच होतं.”

“आणि त्यांनी माणसं जाळलीही,” मी म्हणाले. सवय जात नाही.

“जाळलीही. दुसरं वाक्य.” ते किंचित हसले. “पण वादाला बसले की निकाल ठरलेला असूनही ते विरोधकाचं म्हणणं पूर्ण मांडत. लिहून ठेवत. त्यांच्याविरुद्धचे कितीतरी चांगले आक्षेप आपल्याला त्यांच्याच वह्यांतून कळतात. तुझ्या लोकांनी बुद्धी मोकळी झाली म्हणून जाहीर केलं. चांगलंच केलं. पण जाहीर करून बुद्धी मोकळी होत नाही, बाळ. ती मोकळी आहे का, हे आपण समोरच्याला पुरतं बोलू देतो का, त्यावरून कळतं.”

मी जवळचं एक पुस्तक उचलून खोक्यात ठेवलं.

“आणि खुंटीचं?” मी विचारलं.

“खुंटीला उत्तर नाही माझ्याकडे. तीस वर्षं झाली, सापडलेलं नाही. तेही सांगणार होतो. उत्तर सापडलं नाही की माणूस कसा थांबतो, हे पोरांना बघायला मिळावं म्हणून पेपर हवा होता.”

त्यांनी पुढचं पुस्तक उचललं. आता बोलले नाही तर कधीच बोलणार नाही असं मला वाटलं.

“सर, वेळापत्रक आधीच छापायला गेलं होतं. मला माहीत होतं. सगळं ठरलेलंच होतं.”

“ठाऊक आहे मला. सोमवारी ऑफिसात गठ्ठा येऊन पडला होता. क्लार्कने एक प्रत माझ्याही हातात दिली.”

“मग मंगळवारी आलात कशाला?” माझा आवाज चढला. राग कुणाचा होता देव जाणे. “इस्त्रीचा शर्ट घालून, कागद घेऊन, कशाला आलात?”

सरांनी पुस्तकाचा कणा फडक्याने पुसला. उत्तर द्यायला त्यांना वेळ लागला नाही.

“माझी बाजू तू मांडणार होतीस ना,” ते म्हणाले. “इतकी वर्षं शिकवली, पण ती कुणी नीट मांडलेली मी ऐकली नव्हती. ऐकायला आलो. फार छान मांडलीस.”