ओस्तादांची जवारी

महिन्याभरात नितै सुतार चौथ्यांदा आला, तेव्हा ओस्तादांची शागिर्द मेहेरुन त्याच्या हातातल्या कानशीकडे बघत राहिली. बांगलादेशातल्या ब्राह्मणबाडियात सतारीच्या घोडीला हात लावावा तर नितैनेच, असं ओस्ताद सदरुद्दीन म्हणत. घोडीवर तारा टेकतात ती हरणशिंगाची पट्टी, तारेची गुंज म्हणजे जवारी उघडण्यासाठी घासून घासून, आता नखाएवढी पातळ उरली होती. ओस्तादांच्या गुरूंनी स्वतःच्या हाताने बसवलेली ती पट्टी. आणखी एकदा कानस फिरली की संपलीच.

"जवारी मिटलीय रे," ओस्ताद म्हणाले. "आवाज गोधडीखालून आल्यासारखा येतोय. उद्या गुरूंची पुण्यतिथी, कबरीपाशी वाजवायचंय. उघड जरा."

जवारी कसली मिटतेय! इतकी उघडली होती की तारा पत्र्यासारख्या झणझणत होत्या. मिटले होते ते ओस्तादांचे कान. गावाला ठाऊक होतं, पण मांजराच्या गळ्यात घंटा बांधणार कोण? गुरूच्या सुरात शागिर्दाने खोट काढायची नाही, ही तर त्या घराची रीतच होती.

आणि मेहेरुनचा हा गुरू तरी कसा! बारा वर्षं आपल्या गुरूच्या दारात पाणी भरून शिकलेला. युद्धाच्या वर्षी घरातलं सोनंनाणं मागे ठेवून सतार तेवढी उचलून सीमेपलीकडे आगरतळ्यापर्यंत चालत गेलेला. पुढे तीस वर्षं ढाक्याच्या रेडिओवर लोकांची सकाळ याच हातांनी उजाडली. निवृत्त होऊन गावी आल्यावर त्यांनी मेहेरुनला शिकवायला घेतलं. घरचे म्हणाले, बाईमाणसाला कशाला? ओस्ताद म्हणाले, तारेला विचारा, तिला काही फरक पडतो का.

नितैने तारा सैल केल्या, घोडी काढली, मांडीवर काळं फडकं पसरलं. मेहेरुनकडे एकदा पाहिलं आणि पट्टीला न टेकवता कानस नुसतीच वरून फिरवत राहिला. बराच वेळ. मग घोडी बसवून तारा चढवल्या. "बघा आता, दादा."

ओस्तादांनी सतार छेडली नाही. ते फडक्याकडे बघत होते.

"शिंगाची भुकटी कुठाय?"

नितैची मान खाली गेली.

"मला काय लहान पोर समजलात? मेहेरुन, बोल!"

तिने डोळे मिटून घेतले. "जवारी नीट आहे, ओस्ताद. जास्तच उघडी आहे. तुम्हाला ऐकू येत नाही."

"मोठ्याने बोल."

हे वाक्य तिला दुसऱ्यांदा ओरडून सांगावं लागलं, यासारखी शिक्षा नाही.

"कधीपासून?"

"दोन वर्षं झाली."

"म्हणजे गेल्या वर्षी कबरीपाशी..."

"झणझणाट झाला होता. सूरही उतरत होते."

"आणि लोक?"

"माना डोलवत होते."

"तू?"

"मीही."

म्हातारा रडला नाही, चिडला. "झाकली मूठ सव्वा लाखाची, असंच ना? माझी लाज राखलीत! आणि सुराची कुणी राखायची? मी तुला बोटं फुटेस्तोवर हेच शिकवलं का गं?"

ती त्यांच्या पायांवर वाकली. त्यांनी पाय मागे ओढून घेतले. कधी नव्हे ते. मेहेरुनला वाटलं, आता हे दार आपल्याला बंद झालं.

पण त्यांनी सतार तिच्याकडे सरकवली. "नितैकडून नवं शिंग बसवून घे. उद्या तू वाजवशील."

सकाळी कबरीपाशी चटया अंथरल्या होत्या. छानामुखी मिठाईच्या परातींवर माश्या घोंगावत होत्या. एकेचाळीस वर्षांत पहिल्यांदाच ओस्ताद सतारीशिवाय, तिच्यासमोर मांडी घालून बसले. लोक कुजबुजले. ती भैरव वाजवू लागली. ओस्तादांची नजर तिच्या डाव्या हातावरून हलत नव्हती.

आलाप रंगात आला. लोकांनी "वा, वा" म्हणत माना डोलवल्या.

तेवढ्यात ओस्तादांचं बोट वर गेलं.

"थांब. तारेची खेच कमी पडली. रिषभ खालीच राहिला."

भर मैफिलीत असं कुणी कुणाला थांबवत नाही. एक म्हातारा हळूच म्हणाला, "जाऊ द्या ना, ओस्ताद, पोर आहे."

पण सूर खाली राहिला होता. तिला स्वतःला ऐकू आलं होतं आणि लोकांच्या डोलण्यात ती तो दडवून पुढे निघाली होती. ओस्तादांना तो ऐकू आला नव्हता. त्यांनी तो तारेच्या वाकण्यात पाहिला होता.

मेहेरुनच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागलं. तिने तार पुन्हा खेचली, बोट कापेल इतकी, आणि त्यांच्या तोंडाकडे पाहिलं.

"अजून थोडी," ओस्ताद म्हणाले.