मोकळ्या हाताचा मार

मित्रांनो, मी एक जुना पितळी फासा आहे. जुना म्हणजे कोण्या राजाच्या दरबारातला वगैरे नाही. मला घडवून जेमतेम चार वर्षं झाली. पण एक माणूस डोळ्यांसमोर गेला की वस्तूसुद्धा एका दिवसात जुनी होते, हे मी अनुभवाने सांगतो. माझी हकीकत मी खरी तेवढीच सांगेन. स्वतःला सांभाळून घेणार नाही.

माझा जन्म भंडाऱ्याचा. पितळेच्या भांड्यांच्या एका कारखान्यात अनुप नावाचा तरुण भांड्यांना चकाकी देण्याचं काम करी. मालकाने भंगारात टाकलेल्या पाणी भरायच्या फुटक्या गुंडाचा एक तुकडा त्याने मागून घेतला, वितळवला, चौकोनी ओतला आणि जेवणाच्या सुट्टीत कानशीने घासून घासून मला सहा बाजू दिल्या. ठिपके त्याने बारीक ड्रिलने पाडले. बाजारातले प्लास्टिकचे फासे टाकले की मुरमुऱ्यासारखे उडतात. मी फरशीवर पडलो की ठण्ण वाजायचो आणि तिघांच्याही माना माझ्याकडे वळायच्या. मला त्याचा गर्व झाला होता. आता तो कबूल करायला लाज वाटते.

तिघे म्हणजे अनुप, भुपेंद्र आणि हर्षा. कॉलेजपासूनचे मित्र. भुपेंद्र जवळच्याच शहापूरचा, पोलीस भरतीची तयारी करणारा. पहाटे महामार्गाच्या कडेने आठ किलोमीटर पळून यायचा. हर्षा शिकवणी घ्यायची. दर रविवारी सकाळी ते अनुपच्या घरासमोरच्या छपरीत चटई टाकून बसत आणि त्यांचा खेळ चाले.

हा खेळ सापशिडीसारखा नव्हता, मित्रांनो. त्यात पट नाही, सोंगट्या नाहीत. एकाने गोष्ट सांगायची आणि बाकीच्यांनी त्या गोष्टीतले वीर व्हायचं. अनुप झाला होता काळू पहेलवान, हत्याराशिवाय लढणारा. भुपेंद्र होता चिलखत घातलेला शिपाई. गोष्ट सांगायची हर्षा. तिच्या गोष्टीत दाट झाडी होती, तलावात राहणारे राक्षस होते. वीराने वार केला की तो किती लागला, हे मला टाकून ठरायचं.

हर्षाने मोबाइलवर असे परदेशी खेळ पाहून स्वतःचे नियम एका दोनशे पानी वहीत मराठीत लिहिले होते. तलवारीचा मार म्हणजे माझ्यावरचा आकडा आणि त्यात वीराची ताकद. मोकळ्या हाताच्या माराचा हिशेबही तसाच, पण एक फरक होता. हत्याराचा मार ती पेनाने लिही आणि हाताचा पेन्सिलीने, कारण तो खोडायचा असे. वीराने आराम केला की दर तासाला एक आकडा कमी. हाताच्या माराने वीर बेशुद्ध होईल, पण मरणार नाही, असं तिने ठळक लिहिलं होतं.

"असं काहून?" अनुपने तेव्हा विचारलं होतं. त्याच्या पहेलवानाला ते कमीपणाचं वाटलं.

"अरे, आपण सगळे मार खाऊनच मोठे झालो ना?" हर्षा म्हणाली. "घरी खाल्ला, शाळेत खाल्ला. कोणी मेलं का?"

तिघेही हसले. मलाही तेव्हा त्यात काही वावगं वाटलं नाही.

गेल्या वर्षी मार्गशीर्षातला एक रविवार. अनुपची आई कुंताबाई माहेरी एकोडीला गेली होती. खेळात भलतंच झालं. काळू पहेलवान आणि शिपाई यांचंच जुंपलं. अनुपने मला टाकलं. मी सहा दाखवला. ताकदीचे तीन धरून नऊ झाले.

"नऊ कायचे?" भुपेंद्र म्हणाला. "चिलखत घातलं आहे मी. पाच वजा कर."

"चिलखत छातीवर असते बे. मी जबड्यावर मारलो."

दोघे वाद घालत राहिले. हर्षा वहीची पानं उलटत राहिली. शेवटी भुपेंद्र चिडवायला म्हणाला, "तुया हातात दम तरी हाये का? दिवसभर गंज-भांडे घासते अन् म्हणे पहेलवान!"

अनुपच्या मनाला ते फार लागलं. कारखान्यात चार वर्षं तो तेच काम करत होता. "दाखवू का दम?" म्हणत तो उठला. भुपेंद्रही हसत उठला. आणि अनुपचा हात चालला. एकच ठोसा, कानाखाली. भुपेंद्र मागे कोलमडला आणि छपरीच्या पायरीच्या कडेवर त्याचं डोकं आपटलं.

तो आवाज मी ऐकला. माझ्या आवाजापेक्षा तो लहान होता.

भुपेंद्र लगेच उठून बसला. डोकं चोळलं. रक्ताचा थेंबही नव्हता. अनुपचा चेहरा उतरला होता, तो पाहून भुपेंद्रलाच त्याची कीव आली. "काही नाही झालं बे. टाक फासा, किती लागलं पाहू."

अनुपने मला टाकलं आणि मी पुन्हा सहा दाखवला. सलग दुसऱ्यांदा सहा! मित्रांनो, खरं सांगतो, मी मनात फुशारलो. हर्षाने पेन्सिलीने लिहिलं: बारा वाजता, भुपेंद्र, सहा.

"सहा तास आराम, शिपाई," ती म्हणाली. सगळे हसले. हा विनोदच होता. तो हिशेब कधी झाला, हे त्यांनाही कळलं नाही.

एक वाजता भुपेंद्रचं डोकं ठणकू लागलं, तो चटईवर आडवा झाला. हर्षाने सहाचे पाच केले. दोन वाजता त्याला उलटी झाली. सकाळचे तर्री पोहे बाधले, असं अनुप म्हणाला. चार राहिले. तीन वाजता हर्षाने पाणी दिलं, तर तो तिला "आई" म्हणाला.

"दवाखान्यात नेऊ का रे?" हर्षाने विचारलं.

"तीन कमी झाले ना," अनुप म्हणाला. "अन् आठ किलोमीटर पळणारा गडी तो. झोपू दे."

आता तो हे थट्टेने म्हणत नव्हता. भ्यालेल्या माणसाला धरायला काहीतरी लागतं, त्याने आकडा धरला. चार वाजता भुपेंद्र घोरू लागला, मोठ्याने आणि अडखळत. त्या दोघांना वाटलं, गाढ झोप लागली. मी त्याच्या हाताजवळ पडून होतो. त्याची बोटं वाकडी होत होती. मला तोंड असतं तर मी ओरडलो असतो, पण ठिपक्यांपलीकडे मला काही बोलता येत नाही.

पाचच्या एसटीने कुंताबाई परतली. पिशवी खांद्यावर तशीच ठेवून ती दारात थांबली.

"हा काहून असा झोपला?"

"झोपू दे आई," अनुप म्हणाला. "एकच राहिला."

"एक काय राहिला?"

उत्तराची वाट न पाहता कुंताबाई पुढे झाली. तिने खाली बसून भुपेंद्रची पापणी वर केली आणि जोरात ओरडली, "अरे, ऑटो बोलवा! पोरगं चाललं!"

दवाखान्यातून त्याला तसंच नागपूरला हलवलं. डोक्याच्या आत रक्त साचलं होतं. दुपारी दोन-तीनपर्यंत आणलं असतं तर काढता आलं असतं, असं तिथले डॉक्टर म्हणाले. मंगळवारी सकाळी भुपेंद्र गेला. तेवीस वर्षांचा होता.

त्या दिवसापासून मी एकच गोष्ट घोकतो. मी सहा दाखवला. एक दाखवला असता तर तासाभराने त्यांनी त्याच्याकडे पाहिलं असतं. हिशेबाने बरा व्हायला हवा होता आणि झाला नाही, हे त्यांच्या ध्यानात आलं असतं. मी मोठा आकडा दाखवला आणि त्यांना पाच तास थोपवून धरलं. फासा काय दाखवतो ते त्याच्या हातात नसतं, हे मलाही कळतं. पण कळल्याने काही हलकं होत नाही.

अनुपने पोलिसांना स्वतःहून सगळं सांगितलं. खटला अजून चालू आहे. तो जामिनावर घरी आला, त्यानंतर एका दुपारी भुपेंद्रचे वडील यादोराव आले. हर्षाही तिथे होती. त्यांनी शिवी दिली नाही, हात उगारला नाही. कुंताबाईने दिलेलं पाणी घेतलं आणि चटईवर बसले.

"त्याले लागलं कवा?"

"बारा वाजता, काका."

"अन् दवाखान्यात नेलं कवा?"

"सव्वापाचले."

"मंग मधात पाच तास काय करून राहिले होते तुमी?"

 हर्षाने वही पुढे केली. यादोरावांनी एकेका ओळीवर बोट ठेवून वाचलं. सहा, पाच, चार, तीन, दोन, एक. प्रत्येक आकड्यापुढे वेळ, सुंदर अक्षरात.

"हे काय होय, पोरी?"

"तो बरा होऊन राहिला, असं वाटे आम्हाले, काका." हर्षा रडू लागली. "हातानं कोणी मरत नाही, असं मीच लिहिलं होतं."

यादोरावांनी वही खाली ठेवली. मग म्हणाले, "मी बी त्याले लहानपणी लय मारलो. कधी काही झालं नाही त्याले."

एवढं बोलून त्यांनी मला उचललं, सदऱ्याच्या खिशात घातलं आणि शहापूरला नेलं. आता मी त्यांच्या घरी भुपेंद्रच्या फोटोपुढे असतो. पितळ काळं पडलं आहे. रोज सकाळी फोटो पुसताना ते मला उचलतात, तळहातावर धरतात आणि परत ठेवतात. मला त्यांनी एकदाही टाकलं नाही.

मित्रांनो, तुम्ही खेळा. पहेलवान व्हा, राक्षस मारा, आकड्यांवरून भांडा. पण खरा माणूस पडला, डोक्यावर आपटला, तर वही मिटा. तो हसतो आहे, रक्त नाही, धडधाकट आहे, असलं काही ऐकू नका. त्याला एकटं झोपवू नका. मोठ्या माणसाला हाक मारा आणि त्याला दवाखान्यात न्या. तिथे पोचल्यावर तो अगदी ठणठणीत निघाला आणि सगळे तुम्हाला घाबरट म्हणून हसले, तर हसू द्या.