उजव्या खांद्याचा भाव

पावाच्या गाडीने लाल दिवा तोडला आणि माझा उजवा खांदा मोडला, याबद्दल कुणाचंच दुमत नव्हतं. वाद होता तो खांद्याच्या भावाचा. विमा कंपनी म्हणत होती, दवाखान्याचं बिल आणि वर थोडं काही, मिळून अडतीस हजार डॉलर. माझी वकील सुलेमा म्हणत होती, हा हात आता जन्मभर वर जाणार नाही, त्याचं काय? म्हणून दोन वर्षांनी मॅकॅलन शहरातल्या एका कचेरीत तडजोडीची बैठक बसली. मध्यस्थ म्हणून निवृत्त न्यायाधीश कान्तू. माझ्या एका बाजूला सुलेमा, दुसऱ्या बाजूला सून नेरेदा. समोर कंपनीचा वकील, कडक इस्त्रीतला, वाकला तर मोडेल असा.

"ओफेलियाबाई, तुम्हाला पिशवीसुद्धा उचलवत नाही म्हणता. मग हे बघा."

त्याने पडद्यावर चित्रफीत लावली. मेल्यांनी गाडीत माणूस बसवून माझ्यावर पाळत ठेवली होती. डिसेंबरातला ग्वादालुपे मातेचा सण. मी तमाल्यांचा, म्हणजे कणसाच्या पानांत वाफवलेल्या मक्याच्या पिठाच्या वड्यांचा, भलामोठा हंडा दोन्ही हातांनी पोटाशी धरून ताठ मानेने चर्चमध्ये शिरतेय.

"सहज चाळीस पौंड," तो म्हणाला.

सुलेमाचा चेहरा उतरला. "डोन्या ओफेलिया," ती आमच्याकडच्या मानाच्या हाकेने म्हणाली, "हे मला का सांगितलं नाहीत?"

काय सांगणार? चाळीस वर्षं आमच्या वस्तीत तमाले म्हणजे ओफेलिया. खांदा मोडला तेव्हा वस्तीतलीच, माझ्यावर कायम जळणारी रामोना चर्चच्या पायरीवर म्हणाली होती, "संपलं आता ओफेलियाचं." गप्प बसले तर खांद्याचा भाव जाणार. बोलले तर नाक जाणार, तेही सुनेसमोर. पण खोटेपणाचा डाग घेऊन अडतीस हजारांवर घरी जाणारी बाई मी नव्हे.

"जजसाहेब, तुमची आई तमाले करायची का हो?"

"दर नाताळाला."

"भरलेला हंडा एकटी उचलायची?"

कान्तू हसले. "एकटी? दोन मामा लागायचे, फडकी गुंडाळून. आणि आम्हा पोरांना लांब व्हा म्हणून ओरडायचे."

"मग ते चित्र परत लावा. माझं तोंड नका बघू, झाकण बघा."

झाकण पावलागणिक उडत होतं. वाफेचा मागमूस नव्हता.

"रिकामा आहे!" कान्तू म्हणाले.

वकील खवळला. "रिकामा हंडा चर्चमध्ये कोण नेतं?"

"जिला रामोनाचं तोंड बंद करायचं असतं ती. भरलेला हंडा माझ्या या सुनेने आणि मुलाने मागच्या दाराने नेला."

"मग तमाले केले कुणी?" कान्तूंनी विचारलं.

खांदा मोडला तेव्हाही इतकं दुखलं नव्हतं.

"हिने. दोन वर्षं हीच करतेय. कणसाची पानं भिजवते, पीठ फेटते, माझी वेणी घालते, मला आंघोळ घालते. कौतुक तेवढं मी घेते."

"आई, असू दे ना," नेरेदा पुटपुटली.

"गप. मी बोलतेय ना."

सुलेमाच्या अंगात एकदम वारं शिरलं. जे काम माझ्या हातून गेलं आणि दुसऱ्या कुणाला करावं लागतं, त्याचीही भरपाई मागता येते म्हणे. आम्हाला वेगळ्या खोलीत बसवलं आणि कान्तू दोन्ही खोल्यांत ये-जा करू लागले. खांद्याचा आकडा चढला. नेरेदाच्या कामाला कंपनीने तासाला अकरा डॉलर लावले.

"अकरा?" मी म्हणाले. "एवढ्यात गाडी धुवायलासुद्धा कुणी येत नाही. अठरा."

कान्तू जाऊन आले. "सोळापर्यंत आलेत. घ्या, डोन्या."

"हिने फेटलेल्या पिठाची गोळी पाण्यात टाका, दर वेळी तरंगते, म्हणजे पीठ हलकं, बरोबर जमलेलं. माझी चाळीस वर्षांत कितीदा बुडाली, ते फक्त मला माहीत. अठरा म्हणजे अठरा."

नेरेदा माझ्याकडे बघतच राहिली. "हे मला कधी बोलला नाहीत, आई."

"भाव कधी कुणी विचारला नव्हता."

कान्तू अठरा घेऊन आले. मी डाव्या हाताने सही केली, वेडीवाकडी, पण माझी.

गाडीत बसताना नेरेदा म्हणाली, "रामोनाबाईंच्या कानावर जाईल हं."

"जाऊ दे. येत्या डिसेंबरात ऑर्डरी तुझ्या नावाने घे. मीठ मात्र मी चाखणार."