दुधाळ लाद्या

बर्फाच्या कारखान्यात सगळे त्यांना उस्ताद म्हणत, आणि उस्तादांना ते आवडायचंही. त्यांच्या लादीमागे वर्तमानपत्र धरा, अक्षर न् अक्षर वाचता यायचं. त्यात जादू कसली? जमणाऱ्या पाण्यात हवेची नळी सोडायची, पाणी खेळतं ठेवायचं, बस. नळी बंद केली की लादी दुधाळ.

शत्रूची फौज दोन दिवसांवर आली, तेव्हा राजवाड्याची कोठी सांभाळणारी त्यांची मेहुणी धापा टाकत कारखान्यात आली. पिशवीत राजमुकुट आणि राजदंड!

"भावजी, हे लादीत गोठवा. पण दुधाळ हं, आरपार दिसता कामा नये."

"दुधाळ? माझ्या हातून?" उस्तादांचा पारा चढला. पण देशाचं काम. नाक मुरडत त्यांनी नळी बंद केली.

तीस वर्षांची खोड जाते कुठे हो! जाता-येता हात आपोआप चावीवर गेला न् नळी सुरू. दोन दिवसांनी लादी काढली, तर मुकुट आत सराफाच्या काचेत ठेवल्यासारखा झळकतोय. आणि फाटकात फौजेची गाडी!

उस्तादांनी लादीला घाईघाईने गोणपाट गुंडाळलं आणि वर बैठक मारली.

"ऊठ!" अधिकारी गुरकावला.

"साहेब, मूळव्याध. रोज अर्धा तास बर्फावर बसायला सांगितलंय."

अधिकाऱ्याने शिपायांना झडतीसाठी आत पिटाळलं, इकडेतिकडे पाहिलं आणि हळूच शेजारी टेकला. "गुण येतो?"

"येतो की! सरका थोडे, नीट बसा."

शिपाई रिकाम्या हातांनी परतले. साहेब तर जाताना चक्क आभार मानून गेले.

मेहुणीने मात्र उस्तादांना फैलावर घेतलं. मुकुटाची लादी पुन्हा दुधाळ गोठवली, तर इतर लाद्यांत ती एकटीच उठून दिसणार. म्हणजे सगळ्याच नळ्या बंद! उस्तादांनी आपल्या हाताने एकेक चावी आवळली आणि ढसाढसा रडले.

चार वर्षं बाजार हसला. "उस्तादांचा हात गेला," मासेवाली तोंडावर म्हणायची. बायको म्हणायची, "अहो, डोळे तरी तपासून घ्या." उस्ताद कुणाला सांगणार, आणि काय?

अखेर फौज गेली. मुकुट वाजतगाजत राजवाड्यात परतला, पण उस्तादांचं तिकडे लक्षच नव्हतं; ते नळ्या सोडत होते. पहिली लादी निघाली तशी त्यांनी मासेवालीला बोलावलं आणि लादीमागे ताजं वर्तमानपत्र धरलं.

"वाच."

"'चार वर्षं... राजमुकुट... बर्फात.'" ती थबकली. "अगं बाई! म्हणजे त्या दुधाळ लाद्या..."

"थांबू नकोस," उस्तादांनी कागद लादीमागे आणखी वर सरकवला. "खालची बारीक अक्षरंही वाच."